ज्वारीच्या नकाशातले कोसंबी

प्रश्न : मी कृषी महाविद्यालयात वनस्पती प्रजनन या विषयात एम.एस्सी. करते. ज्वारीच्या एका संकराचा लिंकेज मॅप तयार करताना सॉफ्टवेअर विचारतं, ‘हाल्डेन की कोसंबी?’ आमच्याकडे सगळेच डोळे मिटून कोसंबीवर क्लिक करतात. घरी हे बोलले तर वडील म्हणाले, ‘अगं, कोसंबी म्हणजे प्राचीन भारताचा इतिहास लिहिणारे.’ हे तेच का? तेच असतील तर गणितातला माणूस इतिहासात कशाला गेला? आणि रीमानचं गृहीतक सोडवल्याचा दावा केला म्हणून टाटा संस्थेने त्यांना काढून टाकलं, हे खरं का?

उत्तर : हो, तेच. दामोदर धर्मानंद कोसंबी. तुमच्या वडिलांचं चुकलेलं नाही, पण त्यांनी शेंडीकडून सुरुवात केली आहे. इतिहास हा कोसंबींच्या पोटापाण्याचा उद्योग कधीच नव्हता. काशी, अलीगढ, पुण्याचं फर्ग्युसन आणि मुंबईची टाटा मूलभूत संशोधन संस्था, चारही ठिकाणी त्यांना पगार मिळाला तो गणितासाठी. ‘अ‍ॅन इंट्रोडक्शन टू द स्टडी ऑफ इंडियन हिस्टरी’ हे पुस्तक १९५६ मध्ये आलं. पहिला गणिती निबंध त्याआधी सव्वीस वर्षांचा, १९३० मधला, आणि त्याचा विषय लंबवर्तुळाकार कक्षा हळूहळू कशी वळत जाते हा. तिथून मरेपर्यंत साठेक निबंध त्यांनी छापले, त्यांतले काही फ्रेंचमध्ये आणि जर्मनमध्ये. आपल्याकडे हे कोणी फारसं सांगत नाही, कारण सांगायचं तर समीकरणाला हात घालावा लागतो. तुम्ही आयतीच संधी दिली आहे, तेव्हा घालतो.

सॉफ्टवेअरमधलं ते नाव ज्या निबंधावरून आलं तो जेमतेम चार पानांचा आहे. १९४४ मध्ये ‘अ‍ॅनल्स ऑफ युजेनिक्स’ या इंग्लंडातल्या नियतकालिकात तो आला. (नाव आज कानाला खटकतं. १९५४ मध्ये त्या नियतकालिकानेही ते टाकलं आणि ‘अ‍ॅनल्स ऑफ ह्यूमन जेनेटिक्स’ झालं.) तेव्हा कोसंबी फर्ग्युसनमध्ये गणिताचे वर्ग घेत होते.

अडचण काय होती ते पाहू. प्रत्येक गुणसूत्राची जोडी असते आणि बीजपेशी तयार होताना जोडीतली गुणसूत्रं एकमेकांशी तुकडे बदलतात. दोन जनुकं एकमेकांपासून जितकी लांब, तितकी त्यांच्यामध्ये अशी अदलाबदल होण्याची शक्यता जास्त. अमेरिकेत टॉमस हंट मॉर्गन यांच्याकडे शिकणाऱ्या आल्फ्रेड स्टर्टेव्हंट या विद्यार्थ्याने १९१३ मध्ये याच कल्पनेवर फळमाशीच्या एका गुणसूत्राचा पहिला नकाशा छापला. शंभर संततींपैकी किती जणांत दोन जनुकांची फारकत झाली ते मोजायचं आणि तो आकडा अंतर म्हणून धरायचा. अंतराच्या एककाला सेंटिमॉर्गन म्हणतात ते मॉर्गन यांच्यावरूनच.

जवळच्या जनुकांना हे चालतं, लांबच्यांना नाही. एखादा माणूस चौकापासून देवळापर्यंत जाताना दोनदा रस्ता ओलांडतो. तुम्ही त्याला फक्त चौकात आणि देवळापाशी पाहिलंत तर दोन्ही वेळा तो डाव्याच बाजूला दिसणार, आणि त्याने रस्ता ओलांडलाच नाही असं तुम्ही वहीत लिहिणार. दोन जनुकांच्या मध्ये दोनदा अदलाबदल झाली तर संततीत अगदी हेच होतं : मोजणीत ती येतच नाही. म्हणून फारकतीचं प्रमाण शेकडा पन्नासाच्या वर कधीच चढत नाही, गुणसूत्र कितीही लांब असो. दिसणाऱ्या प्रमाणावरून खरं अंतर काढायला सूत्र हवं.

१९१९ मध्ये जे. बी. एस. हाल्डेन यांनी पहिलं सूत्र दिलं. त्यांचं गृहीत साधं होतं : एका जागी अदलाबदल झाली तरी शेजारच्या जागेला त्याचं सोयरसुतक नाही. गणिताला हे फार सोयीचं. पण हर्मन म्यूलर यांनी १९१६ मध्येच दाखवलं होतं की एक अदलाबदल झाली की तिच्या लगतच्या भागात दुसरी होणं अवघड जातं. याला इंटरफिअरन्स म्हणतात. हा अडथळा अगदी लगत जवळजवळ पूर्ण असतो आणि लांब जाताना विरत जातो.

कोसंबींनी हे विरणं एका ओळीत पकडलं. दोन अदलाबदली खरोखर किती वेळा एकत्र होतात आणि अडथळा नसता तर किती वेळा झाल्या असत्या, या गुणोत्तराला योगायोगाचा गुणक म्हणू. फारकतीचं प्रमाण ‘र’ मानलं तर कोसंबी म्हणाले, हा गुणक २र धरा. जनुकं चिकटून असतील तर र शून्य, म्हणून गुणकही शून्य, म्हणजे पूर्ण अडथळा. र अर्ध्यावर पोचला की गुणक एक, म्हणजे अडथळा संपला. दोन्ही टोकं जुळतात आणि मधला रस्ता सरळ रेषेचा. एवढं मान्य केलं की अंतराबरोबर र ज्या वेगाने वाढतो तो वेग १ − ४र² असा येतो. बारावीचं कलन येणाऱ्याने याचं संकलन करावं, हाती येतं :

अंतर = २५ × लॉग [(१ + २र) ÷ (१ − २र)] सेंटिमॉर्गन.

लॉग नैसर्गिक, म्हणजे ‘ई’ पायाचा. आता आकडे घालू. र शेकडा २० असेल तर हाल्डेन यांच्या सूत्राने अंतर २५.५ सेंटिमॉर्गन येतं, कोसंबींच्या सूत्राने २१.२. शेकडा ३० ला हाल्डेन ४५.८ सांगतात, कोसंबी ३४.७. शेकडा ५ ला मात्र ५.३ आणि ५.०, म्हणजे भांडायला जागाच नाही. हाल्डेन यांच्या मते अदृश्य दुहेरी अदलाबदली पुष्कळ, म्हणून त्यांचा नकाशा ताणला जातो. कोसंबींच्या मते अडथळ्यामुळे त्या कमी, म्हणून नकाशा आखूड.

या सूत्राची एक बाजू मला विशेष आवडते. क, ख, ग अशी तीन जनुकं ओळीने आहेत. क-ख चं प्रमाण माहीत, ख-ग चं माहीत, तर क-ग चं काय? कोसंबींच्या सूत्रातून उत्तर येतं ते असं : दोन्हींची बेरीज, भागिले, १ अधिक त्यांच्या गुणाकाराची चौपट. दोन्ही शेकडा २० असतील तर क-ग चं प्रमाण शेकडा ३४.५. ज्याने विशेष सापेक्षता वाचली आहे त्याला हे ओळखीचं वाटेल, कारण आइन्स्टाइनच्या सिद्धांतात दोन वेगांची बेरीज नेमकी अशीच करतात. तिथे प्रकाशाचा वेग ओलांडायचा नाही, इथे शेकडा पन्नास ओलांडायचे नाहीत. कोसंबींनी ते तिकडून उचललं असं मी म्हणत नाही. मर्यादा असली की बेरजेला असं वळण येऊ शकतं, इतकंच. पण भूमिती आणि सापेक्षता कोळून प्यायलेल्या माणसाला हे रूप बिचकवणार नाही, हेही खरं.

तर तुम्ही काय निवडावं? ज्वारी, भात, मका यांच्यात अडथळा चांगला जाणवतो, त्यामुळे कोसंबी हा पर्याय योग्यच आहे, फक्त डोळे उघडे ठेवून निवडा. अ‍ॅस्परजिलस निड्युलन्स या बुरशीत अडथळा जवळजवळ नसतोच. तिथे हाल्डेन बरे. मार्करांमधली अंतरं दोन-चार सेंटिमॉर्गन असतील तर कुठलाही घ्या. सूत्र बदलल्याने मार्करांचा क्रम सहसा बदलत नाही, नकाशाची एकूण लांबी बदलते. म्हणून दुसऱ्या कोणाच्या नकाशाशी तुलना करण्याआधी त्याने कुठलं सूत्र वापरलं ते पाहा. हे न पाहता ‘आमचा नकाशा लांब’ म्हणून खूश झालेले लोक असतात.

आता दुसरा प्रश्न, इतिहासाचा. त्यासाठी थोडं मागे जाऊ.

कोसंबी ३१ जुलै १९०७ रोजी गोव्यात कोसबे इथे जन्मले. वडील धर्मानंद कोसंबी पाली आणि बौद्ध वाङ्मयाचे पंडित. हार्वर्डमध्ये ‘विसुद्धिमग्ग’ या ग्रंथाच्या संपादनाच्या कामासाठी त्यांना बोलावणं असे. १९१८ मध्ये ते मुलाला बरोबर घेऊन गेले आणि अकरा वर्षांचा दामोदर अमेरिकेतल्या केंब्रिजच्या शाळेत दाखल झाला. मध्ये दोनेक वर्षं भारतात काढून तो पुन्हा गेला आणि १९२९ मध्ये हार्वर्डची पदवी सर्वोच्च श्रेणीत घेऊन आला. डॉक्टरेट कधीच केली नाही. आज या भांडवलावर त्यांना साधी अधिव्याख्यात्याची जागाही मिळाली नसती.

काशी हिंदू विद्यापीठात दोन वर्षं झाल्यावर १९३१ मध्ये ते अलीगढला गेले, आंद्रे वेल यांच्या बोलावण्यावरून. वेल तेव्हा पंचविशीतले फ्रेंच गणिती, पुढे विसाव्या शतकातल्या सर्वांत मोठ्या गणित्यांत गणले गेले. तिथे एक खोडी झाली. एका सहकाऱ्याची जिरवायची म्हणून वेल यांनी कोसंबींना सुचवलं, आणि कोसंबींनी ‘बुर्बाकीच्या दुसऱ्या प्रमेयाचं सामान्यीकरण’ अशा थाटाचा निबंध खरोखरच छापून आणला. असा कोणी रशियन गणिती बुर्बाकी अस्तित्वात नव्हता. काही वर्षांनी वेल आणि त्यांच्या फ्रेंच मित्रांनी निकोला बुर्बाकी याच नावाने जाडजूड ग्रंथमाला सुरू केली आणि ते नाव गणितात अजरामर झालं. छापील गणिती निबंधात बुर्बाकी पहिल्यांदा अवतरले ते कोसंबींच्या हातून, अलाहाबादच्या एका विज्ञानपत्रिकेत.

१९३३ ला ते फर्ग्युसनमध्ये आले आणि बारा वर्षं राहिले. त्याच वर्षी ‘माथेमाटिशे त्साइटश्रिफ्ट’ या जर्मन नियतकालिकात त्यांचा पथ-अवकाशांवरचा निबंध आला. प्रश्न असा : एखादी व्यवस्था काळाबरोबर कशी बदलते हे सांगणारी समीकरणं हाती आहेत, शेजारून निघालेल्या दोन वाटा पुढे जवळ राहतील की फाकतील, हे समीकरणं न सोडवता, नुसत्या भूमितीवरून सांगता येईल का? एली कार्तां यांच्यासारख्या बुजुर्गाने त्याच अंकात, कोसंबींच्या निबंधाला लागूनच, त्यावर टिपण लिहिलं. १९३९ मध्ये चिनी गणिती शिइंग-शेन चर्न यांनी तो विषय पुढे नेला. आज त्याला कोसंबी-कार्तां-चर्न सिद्धांत म्हणतात आणि परिसंस्थांपासून विश्वरचनाशास्त्रापर्यंत माणसं तो वापरतात. १९३४ मध्ये मद्रास विद्यापीठाचं रामानुजन पारितोषिक त्यांना मिळालं. इथवरचा माणूस शुद्ध भूमितीचा.

मग संख्याशास्त्र आलं. ते स्वतःचं स्वतः शिकायचं, तर हाताशी खरे आकडे हवेत, आणि कोसंबींनी निवडली आहत नाणी. चांदीच्या पत्र्याचे तुकडे कापून त्यांवर ठसे मारलेली ही आपल्याकडची सर्वांत जुनी नाणी. त्यांवर राजाचं नाव नाही, साल नाही, अक्षरच नाही. पाच ठशांचा एक संच पुढच्या बाजूला, मागच्या बाजूला बारीकसारीक खुणा. अभ्यासक ठशांचे अर्थ लावण्यात गुंतले होते : हा सूर्य, हा हत्ती, हा डोंगर. कोसंबींनी तराजू मागवला.

त्यांचा तर्क ऐका. टांकसाळीतून नाणं निघताना वजन ठरलेलं, बत्तीस गुंजांच्या आसपास, थोड्याफार फरकाने. मग ते हातोहात फिरतं आणि झिजतं. कोणतं नाणं किती झिजेल ते सांगता येत नाही, पण एका वेळी पाडलेल्या हजार नाण्यांचं सरासरी वजन काळाच्या प्रमाणात उतरणार आणि नाण्यानाण्यातला फरक वाढत जाणार, हे नक्की सांगता येतं. तेव्हा एकाच ठेव्यात, एकाच ठशांच्या संचाची नाणी वेगळी काढा, प्रत्येक गटाची सरासरी काढा. जो गट हलका तो जुना. वजनांच्या उतरंडीवरून राजांचा अनुक्रम लागतो, ते राजे कोण हे ठाऊक नसलं तरी. मागच्या खुणा जसजशा वाढतात तसतसं वजनही उतरतं असं आढळलं. म्हणजे त्या खुणा ठरावीक काळाने नाणं तपासणाऱ्यांच्या असणार.

हे सगळं कागदावर ठीक. पण झीज खरंच अशी नियमित होते का? त्यासाठी त्यांनी आपल्या काळातली चालू नाणी हजारोंनी जमवली, त्यांवरच्या सालाप्रमाणे लावली आणि तोलली. इथे साल माहीत होतं, म्हणून पडताळा घेता आला. तो जमला. मग तक्षशिलेच्या भीर टेकाडातल्या ठेव्यांची वजनं पुरातत्त्व खात्याने प्रसिद्ध केली होती ती त्यांनी घेतली. त्यांतल्या एका ठेव्यात अलेक्झांडरची आणि त्याच्या सावत्र भावाची कोरी नाणी सापडली होती, म्हणून तो ठेवा इ.स.पू. चौथ्या शतकाच्या अखेरीला पुरला गेला हे पक्कं होतं. एक खुंटी मिळाली, बाकीची साखळी वजनांनी ओवली. १९४० पासून यावरचे निबंध येऊ लागले.

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर इथे आहे. नाण्यांचा क्रम लागला, पण पाडणारे कोण ते गणित सांगेना. त्यासाठी पुराणं, बौद्ध ग्रंथ, अर्थशास्त्र वाचणं आलं, संस्कृत पक्कं करणं आलं. संस्कृत पक्कं करताना भर्तृहरीची सुभाषितं हाती आली, तर त्यांच्या पोथ्या एकमेकींशी जुळेनात; मग शेकडो हस्तलिखितं ताडून १९४८ मध्ये चिकित्सक आवृत्तीच काढली. पोथ्यांची वंशावळ लावणं आणि नाण्यांचा क्रम लावणं यांत मला तरी एकच डोकं दिसतं. मग टेकड्यांवरची दगडी पाती, मग जुन्नर-कार्ल्याच्या वाटा, मग आईदेव्यांची ठाणी. ते गणित सोडून इतिहासात गेले असं म्हणतात ते मला पटत नाही. मोजण्याजोगं काही शोधत गेले आणि वाटेत इतिहास लागला.

याच काळातला त्यांचा सर्वांत खोल निबंध १९४३ चा, ‘स्टॅटिस्टिक्स इन फंक्शन स्पेस’. कुलाबा वेधशाळेतली रोजच्या तापमानाची वक्ररेषा घ्या. प्रत्येक दिवसाची रेषा वेगळी, पण अगदीच मनमानी नाही. कोसंबींचं म्हणणं, अशी प्रत्येक रेषा अनंत मितींच्या अवकाशातला एक बिंदू समजा. मग त्या बिंदूंच्या घोळक्याला स्वतःचे काही अक्ष असतात : पहिल्या अक्षावर सर्वांत जास्त पसारा, दुसऱ्यावर त्याहून कमी, असं. या अक्षांवर मोजलेले घटक एकमेकांशी संबंध नसलेले, आणि पहिल्या काही घटकांतच बहुतेक सगळी माहिती सामावते. बाकीचं सोडून दिलं तरी रेषा ओळखू येते. आकृत्या थोडक्यात साठवणं, खळाळत्या प्रवाहाचं विश्लेषण, १९८७ च्या सुमाराला सुरू झालेली संगणकाने चेहरा ओळखण्याची पद्धत, या सगळ्यांच्या मुळाशी हे प्रमेय आहे.

जगभर ते कारुनेन-लोएव या नावाने शिकवतात. फिनलंडचे कारी कारुनेन आणि फ्रान्सचे मिशेल लोएव यांनी दोन-चार वर्षांनी, स्वतंत्रपणे, तेच मांडलं. चोरीचा प्रश्नच नाही. कोसंबींचा निबंध भारतीय गणित परिषदेच्या मुखपत्रात आला, महायुद्ध ऐन भरात असताना, आणि युरोपात तो कोणी वाचला नाही. पुढच्याच वर्षी चार पानं इंग्लंडच्या नियतकालिकात गेली आणि नाव जनुकशास्त्रात कायमचं बसलं. लेखक तोच, गाव तेच. आता कुठे कुठे कोसंबी-कारुनेन-लोएव असं लिहिलेलं दिसतं. निबंध कोणत्या दारातून जगात गेला याने किती फरक पडतो याचं यापेक्षा स्वच्छ उदाहरण माझ्यापाशी नाही. तिसऱ्या प्रश्नातही हीच गोष्ट पुन्हा भेटते, पण तिथे दार कोसंबींनी स्वतः निवडलं होतं.

१९४५ मध्ये होमी भाभांनी टाटा संस्था काढली तेव्हा कोसंबी तिथे गणितासाठी रुजू झाले. राहायचे पुण्यात, डेक्कन क्वीनने मुंबईला जायचे. १९४८-४९ मध्ये युनेस्कोच्या शिष्यवृत्तीवर इंग्लंड-अमेरिकेत जाऊन त्यांनी संगणक यंत्रांचा अभ्यास केला. प्रिन्स्टनला आइन्स्टाइन यांच्याशी चर्चा झाल्या. १९५१ मध्ये भारतातल्या जन्मदराच्या ऋतुमानाप्रमाणे होणाऱ्या चढउतारावर निबंध आला, त्याच ‘अ‍ॅनल्स’मध्ये. मधल्या काळात संस्थेतलं गणित के. चंद्रशेखरन यांच्या हाताखाली शुद्ध गणिताची एक कडक शाळा बनत गेलं. नाणी तोलणारा, लेण्या पालथ्या घालणारा, आणि अणुवीज कशाला, आपल्याकडे ऊन मुबलक आहे असं जाहीर लिहिणारा माणूस त्या वातावरणात उपरा होत गेला असणार.

आता रीमान. त्यांचं गृहीतक १८५९ चं. सोपं करून सांगायचं तर मूळसंख्यांच्या मोजणीतली चूक किती मोठी असू शकते याबद्दलचं ते विधान आहे. दहा लाखांपर्यंत मूळसंख्या ७८,४९८ आहेत. लॉगरिदमी संकलाचं सूत्र सुमारे ७८,६२८ सांगतं. चूक १३०, आणि दहा लाखांचं वर्गमूळ १०००. गृहीतक म्हणतं, कितीही पुढे जा, चूक वर्गमूळाच्या घरातच राहील, त्याला लॉगरिदमचा हलकासा गुणक लावावा लागेल तेवढाच.

कोसंबींनी या प्रश्नाकडे नाण्यांच्याच नजरेने पाहिलं. संख्यारेषेचे तुकडे असे पाडायचे की प्रत्येकात सरासरीने सारख्याच मूळसंख्या अपेक्षित असाव्यात. पुढे मूळसंख्या विरळ होतात, म्हणून तुकडे लांब होत जातात. मग प्रत्येक तुकड्यात प्रत्यक्ष किती निघाल्या ते मोजायचं. ते आकडे यदृच्छेने पडल्यासारखे, पॉइसाँच्या वाटपाप्रमाणे येतात. या वागण्यावरून चुकीची मर्यादा काढता येईल असा त्यांचा डाव. १९५९ मध्ये, गृहीतकाच्या बरोबर शंभराव्या वर्षी, त्यांनी हा युक्तिवाद छापला, आणि तो ‘जर्नल ऑफ द इंडियन सोसायटी ऑफ अ‍ॅग्रिकल्चरल स्टॅटिस्टिक्स’मध्ये! मूळसंख्यांचा जाणकार तिथे कोण वाचणार, कोण तपासणार? पीकपाण्याच्या आकड्यांच्या नियतकालिकात रीमान म्हटल्यावर जाणकारांनी भुवया उंचावल्या, आणि मी त्यांना दोष देणार नाही.

सिद्धता मान्य झाली नाही. यदृच्छेने निवडलेल्या मालिकांपैकी जवळजवळ सगळ्या अमुक रीतीने वागतात, एवढं सिद्ध करता येतं. पण मूळसंख्यांची मालिका एकच आहे, आणि ती त्या ‘जवळजवळ सगळ्यां’मध्ये बसते हे वेगळं दाखवावं लागतं. ती उडी तशीच राहिली. नाण्यांच्या बाबतीत असं चालून जातं, एखादं जास्त झिजलं तरी सरासरी सांभाळून घेते. इथे सांभाळून घ्यायला कोणी नाही.

१९६२ मध्ये संस्थेने त्यांचा करार वाढवला नाही. ‘दावा केला म्हणून काढलं’ असं एका वाक्यात सांगणं मला धाडसाचं वाटतं. तो दावा संस्थेला अवघड झाला हे उघड आहे, पण इतिहासात जाणारा वेळ, अणुऊर्जेवरची टीका आणि भाभांशी आलेला दुरावा ही सगळी कारणं तितकीच जुनी होती. त्यांनी गणित मात्र सोडलं नाही. १९६३ मध्ये मूळसंख्यांच्या वाटपावरचा त्यांचा निबंध अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीच्या ‘प्रोसीडिंग्ज’मध्ये आला, तिथे रीमानचा दावा न करता. १९६४ पासून ते पुण्यात महाराष्ट्र विज्ञानवर्धिनीत मानद शास्त्रज्ञ होते आणि मूळसंख्यांवरचे काही निबंध एस. ड्यूक्रे या टोपणनावाने छापत होते. २९ जून १९६६ रोजी, एकोणसाठावं वर्ष पुरं व्हायच्या महिनाभर आधी, ते गेले.

पुढे १९७६ मध्ये पॅट्रिक गॅलघर यांनी दाखवलं की हार्डी आणि लिटलवूड यांचं मूळसंख्यांबद्दलचं एक जुनं गृहीतक खरं मानलं, तर लॉगरिदमच्या प्रमाणात लांबी असलेल्या तुकड्यांत मूळसंख्या खरोखरच पॉइसाँच्या वाटपाने येतात. ते गृहीतक अजून कोणी सिद्ध केलेलं नाही, आणि रीमानचंही नाही.